शेवटच्या पाटीवरचं क्रियापद

जर्मन सिनेमांना मराठी सबटायटल देण्याचं काम मी पुण्यात घरी बसून करते. १९४७ सालचा 'एहे इम शाटन', म्हणजे 'सावलीतला संसार', हातात आला आणि पहिला दिवस एकाच प्रश्नात गेला. नायकाची बायको त्याला हाक कशी मारेल? त्या काळातली आपल्याकडची बाई 'अहो'च म्हणाली असती. पण ही दोघं एकाच रंगमंचावर काम करणारी. मी 'अरे' ठेवलं.

खरी अडले ते शेवटच्या पाटीवर. सिनेमा योआखिम गॉटशाल्क या नटाच्या स्मृतीला अर्पण केलाय. हे नाव मी तोवर ऐकलंही नव्हतं. १९३८ साली तो पडद्यावर आला, ब्रिगिटे होर्नायबरोबर त्याची जोडी जमली, १९४१ मध्ये त्याने हान्स ख्रिश्चन अँडरसन रंगवला. पडद्यावरची उणीपुरी तीन-चार वर्षं. बायको मेटा ज्यू. तिला सोड, असा हिटलरचा प्रचारमंत्री गोबेल्सचा तगादा. हा बधला नाही. कामं बंद झाली. मेटा आणि आठ वर्षांच्या मिखाएलची हद्दपारी दारात येऊन ठेपली, तेव्हा ६ नोव्हेंबर १९४१ रोजी बर्लिनच्या त्या घरातली तिन्ही माणसं संपली. वर्तमानपत्रांना बातमी छापायची मनाई होती. तरी होर्नायसह काही सहकलाकार दफनाला गेले. केवढी हिंमत लागली असेल!

पाटीवर त्याच्या मरणाचीही ओळ आहे. तिच्यासाठी मी लिहिलं, 'ज्याने कुटुंबासह आत्महत्या केली'. दोन ओळींत छान मावलं. रात्री माझ्या जर्मनच्या सरांना पाठवलं. त्यांचा लगेच फोन आला.

"अगं, 'गेट्रीबन' आहे तिथे. गुरं हाकतात ना, ते क्रियापद. 'केली' कुठून आणलंस?"

मला घाम फुटला. दिग्दर्शक कुर्ट मेट्सिग यांची आईही ज्यू. गेस्टापोच्या, म्हणजे नाझींच्या गुप्त पोलिसांच्या, हाती लागू नये म्हणून तिने १९४४ मध्ये जीव दिला होता. ज्याची आई अशी गेली, तो 'केली' लिहीलच कसा? आणि आठ वर्षांच्या पोराने काय 'केलं' होतं?

'मरणाकडे हाकलं' मराठीत रांगडं वाटत होतं, 'मृत्यूच्या खाईत लोटलं' नाटकी. पहाटे तीनला लिहिलं: 'ज्याला कुटुंबासह मरायला भाग पाडलं गेलं'. ओळ लांबली. पाटी पडद्यावर असते तेवढ्या वेळात ती वाचून होते का, हे घड्याळ लावून, मोठ्याने वाचून पुन्हा पुन्हा तपासलं. होत होती.