भिंतीवरचा दुसरा डाग

आज दिवसभर चित्रपटाच्या सेटमधल्या एकाच खोलीचा आराखडा घेऊन बसले होते. पटकथेत तिच्याबद्दल एवढंच आहे : 'आजोबांची खोली. दुपार.' पलंग कुठे, खिडकी कुठल्या बाजूला, दार आत उघडतं की बाहेर, हे मला ठरवायचंय. कॅमेऱ्याला मागे सरकायला जागा लागेल, म्हणून एक भिंत काढता-लावता येईल अशी करणार. हा भाग मोजमापाचा आहे, तो सुटतो.

वेळ जातो तो खोलीला वय देण्यात. प्लायवर नुकताच रंग मारलेली भिंत कुणाचीच नसते. एजिंग करणाऱ्या, म्हणजे नव्या सेटला जुनं रूप देणाऱ्या रंगाऱ्याला सांगावं लागतं की बटणाभोवती बोटांचे डाग हवेत, आजोबा रोज ज्या बाजूने उठतात तिथली फरशी जास्त झिजलेली हवी, उशाशी डोकं टेकून टेकून भिंतीवर पडलेला डाग हवा. आणि त्याच्या शेजारी दुसरा, फिकट झालेला डाग. आजी आता नाही, हे त्या डागावरून कळलं तर पहिल्या प्रसंगातला एक संवाद गाळता येईल. दिग्दर्शकाला उद्या सांगून बघणार आहे.

असं काही सुचलं की मला कलादिग्दर्शक केन अ‍ॅडम आठवतो. 'डॉक्टर स्ट्रेंजलव्ह' (१९६४) कृष्णधवल, तरी त्यातल्या वॉर रूमच्या, म्हणजे युद्धाचे निर्णय घेण्याच्या खोलीतल्या, भल्यामोठ्या गोल टेबलावर हिरवं कापड होतं. दिग्दर्शक कुब्रिकला वाटत होतं, नटांना आपण जगाच्या भवितव्यावर पत्त्यांचा डाव मांडून बसलोय असं जाणवलं पाहिजे. प्रेक्षकाला तो हिरवा रंग कधीच दिसला नाही. मला हा खर्च पूर्णपणे योग्य वाटतो. सेट आधी नटासाठी असतो.

आणि प्रकाशासाठी. सत्यजित राय यांच्या 'अपराजितो'मधलं (१९५६) बनारसचं घर कलादिग्दर्शक बन्सी चंद्रगुप्तांनी कोलकात्यात स्टुडिओत उभारलं, कारण बाहेर बांधलं तर पावसाची भीती. छायालेखक सुब्रत मित्रांचा आक्षेप होता की वरून अंगणात झिरपणारा सावलीविरहित उजेड स्टुडिओत आणता येणार नाही. शेवटी मित्रांनीच सेटच्या वर पांढरं कापड ताणलं, खालून दिवे त्याच्यावर सोडले आणि परतून येणारा उजेड वापरला. भिंती कितीही हुबेहूब असत्या, तरी आभाळाशिवाय ते अंगण खोटं पडलं असतं. कलादिग्दर्शक आणि छायालेखक यांनी पहिल्या रेखाटनापासून एकत्र बसावं, हा माझा हट्ट इथूनच आलाय. सेट रंगवून झाल्यावर छायालेखक पहिल्यांदा आत येतो, तेव्हा उशीर झालेला असतो.

म्हणून खिडकीची उंची अजून पक्की केलेली नाही. दुपारचं ऊन पलंगापर्यंत पोचलं तर तो फिकट डाग उजेडात पुसटून जाईल, आणि खिडकी फार वर नेली तर आजोबांना बसल्या जागेवरून रस्ता दिसणार नाही. सकाळी छायालेखक येतोय. छोटं मॉडेल तयार आहे, खिडकीची भिंत सुटी ठेवलीय.