त्या पोराचं पुढे काय झालं?

आपल्याकडे बारशाला आत्याने बाळाच्या कानात नाव सांगायचं आणि जमलेल्या बायकांनी तिच्या पाठीत धपाटे घालायचे, अशी रीत आहे. नाव आलं कुठून, ही चौकशी त्या गोंधळात राहूनच जाते. कधी ते आजोबांचं असतं, कधी नक्षत्राच्या अक्षरावरून काढलेलं असतं, तर कधी त्या वर्षी गाजत असलेल्या मालिकेतल्या नायकाचं. हे शेवटचं कुणी चटकन कबूल करत नाही. पुढे पोरगं दहावीला जातं, हजेरीत त्याच नावाचे आणखी चौघे निघतात आणि आईबापांचं बिंग फुटतं.

१९७५ साली डेन्मार्कमध्ये एका जोडप्याने असंच केलं, फक्त मालिकेऐवजी त्यांनी कादंबरी पकडली. मुलाचं नाव ठेवलं पेल्ले. फुटबॉलवाल्या पेलेचा इथे काही संबंध नाही. मार्टिन आंडरसन नेक्सो या डॅनिश लेखकाने १९०६ ते १९१० या काळात ‘जग जिंकणारा पेल्ले’ अशी चार खंडांची कादंबरी लिहिली. स्वीडनमधून पोटासाठी डेन्मार्कला आलेल्या एका मजुराच्या पोराची ती गोष्ट. त्या पोराचं नाव या बाळाला मिळालं. पेल्ले वेनेगॉर हे त्याचं पूर्ण नाव.

पुढे अकरा-बारा वर्षांनी बिले ऑगस्ट या दिग्दर्शकाने त्याच कादंबरीवर सिनेमा काढायला घेतला आणि पेल्लेच्या भूमिकेसाठी जो मुलगा निवडला, तो हाच. एखाद्या नवशिक्याने कथेत असा योगायोग घातला असता तर संपादकाने समासात भलंमोठं प्रश्नचिन्ह काढून पानं परत पाठवली असती. प्रत्यक्ष आयुष्याला संपादक नसतो, म्हणून अशा गोष्टी खपून जातात.

सिनेमाची सुरुवात समुद्रावरच्या धुक्यात होते. धुक्यातून शिडाचं जहाज पुढे येतं. जहाजावर स्वीडिश मजुरांची गर्दी, आणि त्या गर्दीत लासे नावाचा म्हातारा विधुर आणि त्याचा मुलगा. काळ एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धाचा. बाप पोराला सांगत असतो की आपण जातोय त्या देशात रविवारी बेदाणे घातलेलं डुकराचं मांस मिळतं, पावाला लोणी फासतात, आणि मुलांना काम नसतं, त्यांनी दिवसभर नुसतं खेळायचं. पोरगं ऐकत असतं. बाप थापा मारत नाही. त्यालाही ते खरं वाटतं, निदान खरं असावं असं वाटतं.

जहाज बॉर्नहोल्मला लागतं. हे बेट डेन्मार्कचं, पण आहे बाल्टिक समुद्रात, डेन्मार्कपेक्षा स्वीडनलाच जवळ. धक्क्यावर जमीनदारांची माणसं मजूर निवडायला उभी असतात. दिवाळीनंतर मराठवाड्यातून निघणाऱ्या ऊसतोडीच्या टोळ्या ज्यांनी पाहिल्या आहेत त्यांना हे दृश्य कुणी समजावून सांगायला नको. धट्टेकट्टे आधी उचलले जातात. लासेकडे मात्र कुणी ढुंकून बघत नाही. एक तर म्हातारा, त्यात पदरात पोर. शेवटी एका मोठ्या वाडीचा कारभारी त्यांना गाडीत घालून नेतो, तेही दुसरं कुणी उरलं नाही म्हणून. राहायची सोय गाईगुरांच्या गोठ्यात. डेन्मार्कमध्ये पोहोचल्याच्या पहिल्याच दिवशी बेदाण्यांचा विषय संपतो.

लासेचं काम मॅक्स फॉन सिडो या नटाने केलं आहे. जगभर नाव झालेला, देखणा, सहा फुटांच्या वर उंची असलेला माणूस. या सिनेमात तो स्वतःला इतका आक्रसून घेतो की त्याची उंचीच जाणवत नाही. आणि अशा नटासमोर उभं राहायचं कुणी, तर शाळेत जाणाऱ्या एका पोराने.

एक प्रसंग माझ्या डोक्यातून जात नाही. वाडीवर कारभाराचं शिक्षण घेणारा एक तरुण उमेदवार असतो. अंगात माज. तो पेल्लेची चड्डी उतरवून त्याला चाबकाने मारतो, निव्वळ गंमत म्हणून. पेल्ले बापाकडे येतो. बाप भडकतो, त्याला आता दाखवतोच म्हणून निघतो. लहान मुलाच्या दृष्टीने जगात सगळ्यात मोठी गोष्ट आता घडणार असते. आणि लासे त्या माजोरड्या पोरासमोर गेल्यावर विरघळतो. त्याच्या तोंडून शब्द फुटत नाही. परत येतो तो काहीतरी सबबी सांगत. बापाचा आवाज सिनेमाभर पोराला धीर देत असतो, पण पोराचं बालपण मोडतं ते या एका प्रसंगात. चाबकाने नव्हे, सबबीने. आणि हे कळल्यावरही बापाला सोडायचं नाही, त्याच्यावर माया करतच राहायचं, हे त्या मुलाला पडद्यावर दाखवायचं होतं. त्याने ते दाखवलं, आणि तोंडावर कुठेही ‘बघा, मला किती वाईट वाटलं’ असा भाव न आणता.

मुलं अभिनय करत नाहीत, नुसती वावरतात, असं म्हणायची आपल्याकडे पद्धत आहे. मला ते अजिबात पटत नाही. बाल्टिकच्या थंडीत पहाटे उभं राहायचं, तेच वाक्य पुन्हा पुन्हा म्हणायचं, आखलेल्या जागी येऊन थांबायचं, आणि मोठ्या माणसाने मारल्यासारखं केलं की मार खाल्ल्यासारखं करायचं, याला वावरणं म्हणत असतील तर मग कचेरीत बसणं हेही वावरणंच. शिवाय यात एक आणखी गंमत होती. सिनेमातली डॅनिश मुलं पेल्लेला तो स्वीडिश म्हणून छळतात, आणि तो स्वीडिश पेल्ले झाला होता एक अस्सल डॅनिश मुलगा. आपल्याच लोकांनी परक्याला कसं वागवलं, हे त्याने परक्याच्या जागी उभं राहून करून दाखवलं. आज डेन्मार्कमध्ये बाहेरून आलेल्यांबद्दल जे बोललं जातं ते ऐकताना त्यांच्यातल्या काहींना तरी हा सिनेमा आठवत असेल, अशी आशा आहे. फार खात्री नाही.

सिनेमा १९८७च्या नाताळात डेन्मार्कमध्ये लागला. मग पुरस्कारांची रांगच लागली. १९८८च्या मे महिन्यात फ्रान्समधल्या कानच्या चित्रपट महोत्सवात त्याला सर्वोच्च मान, पाल्म दोर. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये बर्लिनला युरोपियन फिल्म पुरस्कार पहिल्यांदाच दिले गेले. त्यात सर्वोत्तम अभिनेता म्हणून फॉन सिडो आणि तरुण कलाकाराचा पुरस्कार पेल्लेला. पडद्यावरचे बापलेक दोघेही एकाच मंचावर. मग २९ मार्च १९८९ला परभाषिक चित्रपटाचं ऑस्कर. त्याच्या आदल्या वर्षीही ते डेन्मार्कलाच गेलं होतं, ‘बाबेट्स फीस्ट’ला. साधारण पन्नास लाख वस्तीचा देश, मुंबईपेक्षा लहान, आणि लागोपाठ दोन वर्षं ऑस्कर. तिकडच्या सिनेमावाल्यांनी त्या दिवसांत जमिनीवर पाय ठेवले असतील की नाही कोण जाणे.

मुंबईचं नाव आलंच आहे, तर ती गोष्टही सांगायला हवी. ऑस्करच्या त्या रात्री स्पर्धेतल्या पाच सिनेमांच्या यादीत दुसरं एक पोरगं होतं. ‘सलाम बॉम्बे!’ मीरा नायर यांचा सिनेमा, नाना पाटेकर आणि रघुवीर यादव त्यात होते, आणि मध्यभागी होता चहा पोचवणारा चायपाव. तो उभा केला होता शफीक सैयद या मुलाने. तो बंगळुरूहून पळून मुंबईला आलेला, खरोखरच रस्त्यावर राहिलेला. कानला डेन्मार्कच्या सिनेमाला पाल्म दोर मिळाला त्याच महोत्सवात ‘सलाम बॉम्बे!’ला कॅमेरा दोर, म्हणजे दिग्दर्शकाच्या पहिल्या सिनेमासाठीचं पारितोषिक, मिळालं होतं. म्हणजे १९८८ साली जगातल्या मोठ्या महोत्सवात दोन मुलांचे चेहरे गाजत होते. एक बापाचा हात धरून धुक्यातून येणारा, दुसरा ग्रँट रोडच्या वस्तीत चहाचे ग्लास घेऊन धावणारा. ऑस्करच्या रात्री पहिला जिंकला, दुसरा हरला. शफीकला आपल्याकडे सर्वोत्कृष्ट बालकलाकाराचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पुढे तो बंगळुरूला परत गेला आणि रिक्षा चालवू लागला.

दर काही वर्षांनी कुठल्यातरी वर्तमानपत्राला त्याची आठवण येते आणि बातमी छापून येते : ऑस्करपर्यंत गेलेला मुलगा आज रिक्षा चालवतो. वाचणाऱ्याने हळहळावं अशी मांडणी असते. मला त्या हळहळीत काहीतरी खोटं वाटतं. रिक्षा चालवणं ही काही शोकांतिका नाही. रोज सकाळी मीटरच्या रिक्षात बसून कचेरीत जाणारे आपणच असं म्हणायला लागलो तर बोलायलाच नको. शोकांतिका असलीच तर ती अशी, की त्या पोराला आपण वर्षभर डोक्यावर घेतलं आणि मग दुसरं पोरगं सापडेपर्यंतसुद्धा थांबलो नाही. सिनेमाच्या पैशांतून रस्त्यावरच्या मुलांसाठी सलाम बालक ट्रस्ट उभा राहिला, त्याने पुढे पुष्कळ मुलांना आसरा दिला, हेही खरं. पण चायपावचं पुढे काय झालं हे विचारताना आपल्याला चायपाव हवा असतो. शफीक नको असतो.

आणि दोन्ही मुलांना एका पारड्यात घालणंही बरोबर नाही. एकाकडे घर होतं, शाळा होती, आजारी पडला तर विचारपूस करणारं सरकार होतं. त्याच्यासाठी सिनेमा म्हणजे बालपणातलं एक विलक्षण वर्ष. दुसऱ्यासाठी सिनेमा म्हणजे पोटभर जेवणाची हमी असलेले काही महिने. पुरस्कारांच्या यादीत दोघांची नावं शेजारी शेजारी येतात, तेवढाच काय तो शेजार.

तर पेल्लेचं पुढे काय झालं? लहानपणी गाजलेल्या मुलांना हा प्रश्न आयुष्यभर चिकटतो. त्याची उत्तरं लोकांच्या मनात आधीच तयार असतात. एकतर तो मोठा नट झाला पाहिजे, नाहीतर दारूत बुडाला पाहिजे. मधलं काही चालत नाही. हा पठ्ठ्या नेमका मधलाच निघाला. मोठेपणी तो पत्रकार झाला, टीव्हीवर सूत्रसंचालन करू लागला. लोकांनी त्याला बारा वर्षांचा पाहिला तेव्हा त्याचं काम होतं आपला चेहरा दाखवणं. मोठा झाल्यावर त्याने दुसऱ्यांना बोलतं करण्याचं काम निवडलं. मला हा बदल फार शहाणपणाचा वाटतो, पण त्याने तो विचारपूर्वक केला की नोकरी मिळाली म्हणून केला, या भानगडीत आपण कशाला पडा.

मग एक पुस्तक आलं. त्याला आणि त्याच्या बायकोला मूल होत नव्हतं. वर्षानुवर्षं उपचार झाले. शेवटी दोघांनी दक्षिण आफ्रिकेतून एक मुलगी दत्तक घेतली. हे सगळं त्याने मुलीला उद्देशून लिहिलं, पत्र लिहावं तसं. पुरुषाने मूल न होण्याबद्दल असं उघड बोलणं डेन्मार्कमध्येही सर्रास नाही. आपल्याकडे तर लग्नाला दोन वर्षं झाली की नातेवाईक सुनेलाच प्रश्न विचारतात, मुलगा बाजूला मोबाईल बघत बसतो. त्याने मात्र आपलं नाव, चेहरा आणि वाट पाहण्याची ती सगळी वर्षं पणाला लावली. सिनेमात बाप पोराला दूरच्या देशाबद्दल सांगतो, इथे बाप पोरीला ती दूरच्या देशातून घरी कशी आली ते सांगतो. मी हे जुळवून आणत नाही. जुळलेलं दिसतंय तर डोळे मिटून कसं घ्यायचं?

सिनेमा नेक्सोच्या फक्त पहिल्या खंडावर बेतलेला आहे. शेवटी वाडीवर पेल्लेला बढती देऊ करतात, त्याच माजोरड्या उमेदवाराची जागा. त्याच्या अंगावर गणवेशाचं माप घेतलं जातं. तो ती नोकरी लाथाडतो आणि बर्फातून एकटाच निघून जातो. लासेला सोबत यायचं असतं, पण पाय चालत नाहीत. प्रेक्षक घरी जातात ते पोरगं जग जिंकायला निघालंय अशा समजुतीत.

कादंबरी मात्र तिथे थांबत नाही. पुढच्या तीन खंडांत पेल्ले चांभाराकडे कामाला लागतो, कोपनहेगनला जातो, कामगारांची संघटना बांधतो, तुरुंगात जाऊन येतो, लग्न करतो, मुलांचा बाप होतो, सहकारी तत्त्वावर जोड्यांचा कारखाना काढायच्या मागे लागतो. म्हणजे साताऱ्या-सांगलीकडच्या माणसाला अगदी घरची वाटावी अशी वाटचाल. नेक्सो स्वतः लहानपणी बॉर्नहोल्मवर वाढलेला, चांभारकाम शिकलेला. त्याला ठाऊक होतं की पोराचं बालपण संपलं म्हणजे गोष्ट संपत नाही, उलट कष्टाचा भाग तिथूनच सुरू होतो. त्या तीन खंडांवर कुणी वेनेगॉरला घेऊन सिनेमा काढला नाही. एका अर्थी बरंच झालं. नाहीतर त्यालाही कारखाना काढावा लागला असता, आणि सहकारी कारखाना चालवणं ऑस्कर मिळवण्यापेक्षा किती अवघड आहे, ते आपल्याकडे कुणालाही विचारा.