चढत्या ओवीखाली तंबोरा

कमी बजेटच्या एका मराठी चित्रपटात जात्यावरच्या चार ओव्यांचा सव्वादोन मिनिटांचा प्रसंग होता. आवाज लोकेशनवरचा; एकाच माइकवर बाई आणि जातं दोन्ही. दिग्दर्शकाला खाली तंबोरा आणि सारंगी हवी होती, पण ओवी स्टुडिओत पुन्हा गाऊन घ्यायची नव्हती. ते योग्यच होतं. जातं ओढताना दम जिथे तुटतो, तिथे तो खुर्चीत बसून तुटत नाही.

आधी सूर मोजला. पहिल्या ओवीचा सा पेटीच्या काळी ५ या पट्टीच्या २० सेंट वर; सेंट म्हणजे शेजारच्या दोन पट्ट्यांमधल्या अंतराचा शंभरावा भाग. पुढच्या ओव्यांत ३५, ५५ आणि ७५. काळी ५ ते पांढरी ७ हे अंतर १०० सेंटचं. त्यातलं निम्म्याहून जास्त बाईंनी गाता गाता ओलांडलं होतं. दळण सरत आलं की जातं हलकं फिरतं, हात वेग घेतो आणि गळाही वर सरकतो.

पेटी पहिल्याच फटक्यात बाद, कारण तिच्या पट्ट्यांना अधलामधला सूर नाही. सॉफ्टवेअरने गळाच सुरात आणून पाहिला, तर त्याच माइकवरची घरघरही सोबत वाकली आणि दगड पाण्याखाली फिरतोय असं वाटू लागलं. तंबोऱ्यालाच बाईंच्या मागे जायला लावणं एवढं उरलं.

तंबोरा पहिल्या ओवीच्या सुराला लावून ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट या दर्जात रेकॉर्ड केला आणि पुढच्या ओव्यांसाठी त्याच्या प्रती १५, ३५, ५५ सेंट वर नेल्या. एवढ्याने जवारी, म्हणजे तारेचा झणझणता नाद, बिघडत नाही. सलग चढवला की मात्र सूर पोहतो, म्हणून बदल फक्त दोन ओव्यांच्या मध्ये, नुसतं जातं फिरतं तिथे. या पट्टीत २० सेंटचे दोन सा एकावर एक आले की सेकंदाला जवळजवळ तीन हेलकावे ऐकू येतात. जुना झंकार पुरता ओसरल्यावरच नवी छेड. हे बारकावे घरघरीत लपतात असं वाटतं. हेडफोनवर लपतात, थिएटरात नाही.

सारंगीला क्लिक, म्हणजे कानात ठोका देणारी टिकटिक, दिला नाही. वादकाच्या एका कानात बाई, दुसऱ्यात तंबोरा. दर ओवीला तरफा (आपोआप झंकारणाऱ्या खालच्या तारा) नव्याने लावणं अशक्य, म्हणून त्यांवर मऊ कापड ठेवून त्या गप्प केल्या. आवाज थोडा कोरडा झाला. या प्रसंगाला तो शोभला.

सगळं बसलं आणि मिक्सिंगच्या दिवशी सकाळी नवा कट आला. तिसऱ्या आणि चौथ्या ओवीमधले जात्याचे दोन फेरे गेले होते. सात सेकंदांची जागा तीनवर आली. ‘पिक्चर लॉक’, म्हणजे आता कट बदलणार नाही, हा शब्द स्वतंत्र चित्रपटांत फार मनावर घेऊ नये. तीन सेकंदांत जुना तंबोरा ओसरेना आणि कापला तर कानाला ठेच लागे. तिसऱ्या ओवीच्या शेवटच्या शब्दाआधीच छेड थांबवली आणि चौथ्या ओवीतून तंबोरा काढूनच टाकला. तिथे सारंगीचा एकच सा, बाईंच्या ७५ सेंटवरचा. दोन्ही वाद्यं वेगळ्या ट्रॅकवर दिली होती म्हणून हे मिक्सिंगच्या टेबलावरच जमलं.

सारंगी मधल्या स्पीकरमधून काढून डाव्या-उजव्याला नेली, कारण मधला बाईंचा. शिवाय ती गळ्याच्याच पट्टीत बोलते, म्हणून २ ते ४ किलोहर्ट्झमध्ये तिला ३ डेसिबल उतरवलं. मग ओवीचे शब्द उघडे ऐकू आले.