राजापूरचा मतदारसंघ गेला कुठे?

2008 पर्यंत लोकसभेत राजापूर नावाचा मतदारसंघ होता. तळकोकणात आजही कोणी निवडणुकीच्या जुन्या गोष्टी काढल्या की त्या राजापूरपासूनच सुरू होतात, कारण 1957 पासून 1970 च्या अखेरीपर्यंत बॅ. नाथ पै आणि त्यांच्या निधनानंतर 1971 पासून सलग पाच वेळा मधू दंडवते या एकाच मतदारसंघातून निवडून गेले. 1991 मध्ये दंडवते हरले, 1996 पासून सुरेश प्रभू आले आणि 2004 ची निवडणूक या नावाखालची शेवटची ठरली. त्याआधी, 1952 मध्ये, जुन्या रत्नागिरी जिल्ह्याचे उत्तर आणि दक्षिण असे दोन मतदारसंघ होते; पुढे त्यांच्या जागी रत्नागिरी आणि राजापूर ही नावे आली. 1981 मध्ये सिंधुदुर्ग जिल्हा वेगळा झाला, तरी लोकसभेचे हे दोन मतदारसंघ टिकले.

ते टिकले याचे कारण सरळ आहे. 1976 च्या घटनादुरुस्तीने जागांची फेररचनाच गोठवली होती, त्यामुळे तीस वर्षे आपण 1971 च्या जनगणनेवर मतदान करत राहिलो. या काळात कोकणातली घरे एकेक करून बंद होत गेली आणि चाकरमानी लालबाग-परळच्या चाळींतून डोंबिवली, नालासोपारा, विरारपर्यंत पसरला. नकाशा मात्र त्याला अजून गावातच धरून चालला होता.

2002 च्या कायद्यानुसार नेमलेल्या परिसीमन आयोगाने, म्हणजे मतदारसंघांच्या सीमा ठरवणाऱ्या आयोगाने, 2001 ची जनगणना हाती घेतली, तेव्हा हा हिशेब एकदम पुढे आला. राज्याची लोकसंख्या सुमारे 9 कोटी 69 लाख आणि विधानसभेच्या जागा 288, म्हणजे एका आमदारामागे साधारण 3 लाख 36 हजार माणसे. रत्नागिरी जिल्ह्यात 16 लाख 97 हजार लोक होते, त्यांना 5 जागा मिळाल्या. सिंधुदुर्गात 8 लाख 69 हजार, त्यांना 3. आधी या दोन जिल्ह्यांत मिळून 11 आमदार होते, ते 8 झाले. खेड, संगमेश्वर, मालवण, वेंगुर्ला, देवगड ही नावे यादीतून गेली आणि कुडळ, कणकवली ही नावे आली. त्याच वेळी अविभाजित ठाणे जिल्ह्याच्या जागा 24 झाल्या. आमच्या जागा कोणी पळवल्या असे म्हणण्याची पद्धत आहे, पण माझ्या मते त्या पळवल्या नाहीत. त्या माणसांच्या मागोमाग गेल्या.

लोकसभेचे गणित याहून गमतीचे आहे. एका खासदाराखाली विधानसभेचे सहा मतदारसंघ यावे लागतात, आणि दोन जिल्ह्यांत उरले होते आठ. त्यातले सहा घेऊन रत्नागिरी-सिंधुदुर्ग हा मतदारसंघ झाला, तर उरलेले दापोली आणि गुहागर रायगडला जोडले गेले. रायगडचे स्वतःचे सात होते, ते या दोघांमुळे नऊ झाले. म्हणून पनवेल, कर्जत आणि उरण घाटापलीकडच्या मावळ, पिंपरी आणि चिंचवडला जोडून मावळ मतदारसंघ बांधला गेला. रत्नागिरी-सिंधुदुर्गात मिळून तीन जागा कमी पडल्या आणि त्याचा धक्का बोरघाट चढून पुण्यापर्यंत पोहोचला. कुलाबा हे जुने नावही याच वेळी लोकसभेच्या यादीतून गेले.

कागदावर हे चोख दिसते, पण जमिनीवर गुहागरच्या मतदाराचे जिल्हाधिकारी रत्नागिरीला बसतात आणि त्याच्या लोकसभेच्या मतांची मोजणी अलिबागला होते. खेड तालुक्याचा काही भाग दापोलीत आणि काही गुहागरमध्ये गेला, संगमेश्वर तालुका चिपळूण आणि राजापूर यांच्यात वाटला गेला. राजकारण्यांनाही याची झळ बसली. खेडमधून सातत्याने निवडून आलेले, त्या वेळचे विरोधी पक्षनेते रामदास कदम यांना 2009 मध्ये गुहागरात जावे लागले आणि तिथे भास्कर जाधवांनी त्यांना हरवले. याउलट 2009 च्या लोकसभा निवडणुकीत अनंत गीते रत्नागिरीतून रायगडात आले आणि थेट अ. र. अंतुले यांना हरवून बसले. त्याच निवडणुकीत रत्नागिरी-सिंधुदुर्गात सुरेश प्रभूंचा पराभव झाला.

सध्याच्या तरतुदीप्रमाणे पुढची फेररचना 2026 नंतरच्या पहिल्या जनगणनेवर व्हायची आहे. 2011 च्या जनगणनेत रत्नागिरी 16 लाख 15 हजारांवर आणि सिंधुदुर्ग 8 लाख 50 हजारांवर आला होता. दोन्ही जिल्ह्यांची लोकसंख्या घटली, राज्याची मात्र वाढून 11 कोटी 24 लाखांपर्यंत गेली. राज्यातल्या एकूण जागा तेवढ्याच राहिल्या असे धरून 2011 च्या आकड्यांनी भागाकार केला तर रत्नागिरीला चार आणि सिंधुदुर्गाला दोन जागा येतात. बेरीज सहा, म्हणजे नेमका एक खासदार. दापोली आणि गुहागर मग रायगडातून परत येतील, पण त्यासाठी आठातले दोन आमदार कमी झालेले असतील.