नुसतं 'दिसला'

काल कॉम्प्युटरवरच्या लढाऊ विमानांच्या खेळात मी चुकून भाच्याचंच विमान पाडलं. तो रागावला नाही, तेच जास्त लागलं. "मामा, तूच म्हणालास ना, दिसला?" एवढंच म्हणाला. मग चॅनेलवर सगळे गप्प. कोणीतरी बटण दाबून न बोलता सोडलं, त्याची खट्‌ तेवढी ऐकू आली.

मी म्हणालो ते शत्रूबद्दल. त्याला वाटलं, मामाला मी दिसलो. म्हणून तो बिनधास्त माझ्या नाकासमोरून वळला. मॅजिक २ हे क्षेपणास्त्र उष्णतेच्या मागे जातं. समोरचं मिराज विमान कोणाचं, ते विचारत नाही.

यासाठीच चार शब्द आहेत. शत्रू दिसला तर 'टॅली', दिसत नसला तर 'नो जॉय'. आपला दिसला तर 'व्हिज्युअल', नसला तर 'ब्लाइंड'. मराठीत चारांपैकी दोघांना मिळून एकच 'दिसला', हिंदीत 'दिख गया'. नवीन पोरांना हे घोकून घेणारा मीच, आणि ऐन वेळी तोंडातून काय निघालं? दिसला, दिसला!

बाकीही मीच सांगतो. आधी ज्याला हाक मारायची त्याचं कॉलसाइन, म्हणजे रेडिओवरचं नाव, मग आपलं, मग काम. नुसतं 'ब्रेक लेफ्ट' ओरडलं की चौघेही डावीकडे. दिशा एकेक आकडा सुटा करून, 'झिरो फोर फाइव्ह'. एकोणसाठ, उनसठ, उनहत्तर यात पडायचंच नाही. नऊला 'नाइनर', कारण खरखरीत 'फाइव्ह' आणि 'नाइन' एकसारखे लागतात. बटण दाबल्यावर अर्धा सेकंद थांबायचं, नाहीतर पहिला शब्द कापला जातो आणि पहिला शब्द म्हणजे नेमकं नाव. काल मी नाव घेतलंच नव्हतं. कापलं जायला काही नव्हतं.

माइकवर खापर फोडावं, तर तोही नीट होता. ओठांच्या कोपऱ्याशी, दोन बोटं लांब; अगदी समोर धरला की 'फ' आणि 'प' फुटतात. आवाज लागला की आपोआप सुरू होणारी सोय मी कधीच बंद केलीय. ग्वाल्हेरच्या मे महिन्यात ती कूलरलाच पायलट समजते. पातळी वाढवून कूलर गाळावा, तर हळू बोलणाराही गळतो. आई पलीकडे झोपलेली असते, म्हणजे मीच.

रात्री झोप येईना तेव्हा टेनेरीफच्या विमानतळावरची दोन विमानांची धडक आठवली. २७ मार्च १९७७. दाट धुकं, टॉवर आणि पॅन अ‍ॅमचं विमान एकाच क्षणी बोलले आणि दुसऱ्या, केएलएमच्या विमानाच्या कॉकपिटमध्ये नको तिथे शिट्टीसारखा आवाज ऐकू गेला. ५८३ माणसं. त्याच्यापुढे मी काय घेऊन बसलोय! भाचा दोन मिनिटांत नवं विमान घेऊन पुन्हा धावपट्टीवर होता. पण ती खट्‌... कोण होतं, काय म्हणणार होतं?

सकाळी महाराजपुऱ्याच्या हवाई तळावरची खरी जोडी आमच्या लष्कर भागावरून गेली. १९८५ पासून ग्वाल्हेरला मिराजची सवय आहे; ती जाईपर्यंत बोलणं आपोआप थांबतं, सगळ्यांचं एकदम. आम्हाला चॅनेलवर ही शिस्त लागेल तर!

आवाज ओसरल्यावर आईनं आतून विचारलं, "अरे, माझा चष्मा दिसला का?"

"नो जॉय," तोंडातून गेलं. चष्मा आपला. म्हणजे 'ब्लाइंड' म्हणायला हवं होतं.