त्रेचाळीस दिवसांचं बाळ आणि फाइलवरचा पी २६.१

माझा भाचा ४३ दिवसांचा असताना त्याच्या फुप्फुसांत अचानक रक्तस्राव झाला. सव्वा महिना नुकताच झाला होता, वहिनी पहिल्यांदाच त्याला देवळात घेऊन गेली होती. त्याच रात्री दूध पिता पिता तो एकदम थांबला, नाकातोंडातून गुलाबी फेस आला आणि मागोमाग लालभडक रक्त. दादाने भांडुपहून रिक्षा पळवली. हॉस्पिटलात श्वासनलिकेत नळी घातली तर नळीतूनही रक्तच. पीआयसीयूत, म्हणजे लहान मुलांच्या अतिदक्षता विभागात, बेड नव्हता, म्हणून बाळाला एनआयसीयूत, नवजात बाळांच्या अतिदक्षता विभागात, व्हेंटिलेटरवर ठेवलं. पुढचा कागदांचा सगळा घोळ त्या बेडवरून झाला.

चार दिवस व्हेंटिलेटर, दोनदा रक्त चढवलं, एकूण अकरा दिवस. रक्त गोठण्याच्या तपासण्या, टू-डी इको, इन्फेक्शनचे रिपोर्ट, सगळं नॉर्मल. कारण सापडलं नाही. बाळ घरी आलं.

मी ऐरोलीला मेडिकल कोडिंग करते. अमेरिकेतल्या हॉस्पिटलांचे चार्ट वाचायचे आणि प्रत्येक निदानाला कोड लावायचा, हे माझं रोजचं काम. तरी घरच्या बाळाची फाइल मी उघडली नव्हती. महिन्याभराने विमा कंपनीचं पत्र आलं: आजार जन्मापासूनचा आहे का, याचं डॉक्टरांचं प्रमाणपत्र आणि बाळंतपणाचे कागद द्या, तोवर क्लेम थांबवला आहे. दादा हताश होऊन म्हणाला, "अगं, बाळ ठणठणीत जन्मलं होतं, यांना कसं सांगू?" तेव्हा मी क्लेम फॉर्मचा पार्ट बी काढला. हा भाग हॉस्पिटल भरतं आणि त्यात आयसीडी १० चा, म्हणजे आजारांच्या कोडच्या जागतिक दहाव्या मालिकेचा, रकाना असतो. तिथे लिहिलं होतं पी २६.१.

पी ने सुरू होणारे कोड जन्माच्या आधीपासून जन्मानंतरच्या थोड्या दिवसांपर्यंतच्या (अमेरिकेतल्या नियमांत २८ दिवस) काळात मूळ असलेल्या आजारांचे. पी २६.१ म्हणजे त्या काळातला मोठा फुप्फुस-रक्तस्राव. तो बहुधा कमी दिवसांच्या, नाजूक बाळांना पहिल्या काही दिवसांत होतो. आमचं बाळ ३८ आठवड्यांचं, २.९ किलोचं, तिसऱ्या दिवशी घरी आलेलं. मग हा कोड आला कुठून? डिस्चार्ज समरी एनआयसीयूच्या ठरलेल्या फॉरमॅटवर टाइप झाली होती. पहिल्याच ओळीत छापील "नवजात शिशू", आणि निदानापुढे फक्त "मॅसिव्ह पल्मनरी हॅमरेज". वय जन्मतारखेवरून काढावं लागत होतं. रेकॉर्ड विभागाने हे दोन शब्द वाचून पी २६.१ लावला. समोर तेवढंच असतं तर मीही कदाचित तोच लावला असता.

माझ्या डोक्यात लगेच आला आर ०४.८१. लहान बाळांमधल्या अशा अचानक, कारण न सापडलेल्या फुप्फुस-रक्तस्रावाचा हा अमेरिकेतला स्वतंत्र कोड. तिथे जुन्या नवव्या मालिकेत १ ऑक्टोबर २०१० पासून ७८६.३१ होता, १ ऑक्टोबर २०१५ ला दहावी मालिका आली तेव्हापासून आर ०४.८१. पण जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ आयसीडी १० मध्ये शेवटचा तो १ नाहीच. आमचं हॉस्पिटल मूळ मालिकाच वापरत होतं, तिथे आर ०४.८ पर्यंतच जाता येतं. माझ्या ऑफिसचा कोड मी इथे रेटला असता तर आणखी एक क्वेरी आली असती.

शनिवारी दादा आणि मी डॉक्टरांना भेटलो. ट्रान्स हार्बरच्या गाडीत मी मनात वाक्यं जुळवत होते, कारण एक गोष्ट मला अजिबात करायची नव्हती: क्लेम पास व्हावा म्हणून डॉक्टरांच्या तोंडी निदान घालायचं. आमच्या कामात डॉक्टरांना प्रश्न विचारताना उत्तर सुचवायचं नसतं, आणि भाच्यासाठी तो नियम मोडला तर मी रोज काय करते? मी एवढंच विचारलं, "सर, रक्तस्राव सुरू झाला तेव्हा बाळ किती दिवसांचं होतं, जन्माशी त्याचा संबंध होता का, आणि कारण काय ठरलं, हे समरीत लिहाल का?" त्यांनी इनडोअर पेपर, म्हणजे बाळ दाखल असतानाच्या नोंदी, मागवले, पंधरा मिनिटं शांतपणे वाचले आणि हाताने लिहिलं: वय ४३ दिवस, पूर्ण दिवसांचं बाळ, जन्मावेळी त्रास नाही, तपासण्यांत कारण आढळलं नाही, अक्यूट इडियोपॅथिक पल्मनरी हॅमरेज, म्हणजे अचानक झालेला, कारण न सापडलेला फुप्फुस-रक्तस्राव. सही, तारीख, शिक्का, रजिस्ट्रेशन नंबर. त्यावरून रेकॉर्ड विभागाने पार्ट बी बदलून आर ०४.८ केला.

बाळंतपणाचे कागद मागितल्याचा दादाला राग आला होता. मला मात्र ती मागणी रास्त वाटली. पी चा कोड नुसत्या वयावर ठरत नाही, मूळ जन्माच्या काळात आहे का हेही पाहावं लागतं, आणि ते त्या कागदांतूनच दिसतं.

वहिनीला कोडशी काही देणंघेणं नव्हतं. ती मला स्वयंपाकघरात घेऊन गेली आणि पावसाळ्यात ओल येणाऱ्या भिंतीवरचे काळे डाग दाखवले. "यानेच झालं का गं?" तिने नेटवर वाचलं होतं. १९९० च्या दशकात अमेरिकेत क्लीव्हलंडला अशी बरीच बाळं आजारी पडली आणि घरातल्या बुरशीवर संशय घेतला गेला, हे खरं आहे. पण २००० साली तिथल्या सीडीसी या सरकारी रोगनियंत्रण संस्थेने तो तपास पुन्हा तपासला आणि संबंध सिद्ध होत नाही असं जाहीर केलं. मी तिला हे दोनदा सांगितलं. भिंत दादाने तरीही खरवडून घेतली, बाळाच्या खोलीत ओल नसलेलीच बरी.

दुरुस्त समरी, नवा पार्ट बी आणि प्रसूतीची फाइल पाठवल्यावर क्लेम पास झाला; हातमोजे, डायपर असल्या वस्तूंचे पैसे कापले गेले. जुन्या समरीवर मी आडवी रेघ मारून "रद्द" लिहिलं आणि नव्या समरीच्या तीन प्रती काढल्या: एक दादाकडे, एक वहिनीच्या पर्समध्ये, एक माझ्याकडे. रक्तस्राव पुन्हा होऊ शकतो, डॉक्टरांनी तसं सांगितलंय. तशी वेळ आली तर रात्री ड्यूटीवर असलेल्या डॉक्टरांच्या हातात पहिला कागद तोच पडेल.