गळ्यात मौनाची पाटी

एकादशीची गर्दी पंढरपूरला, आणि पौर्णिमेनंतर देव आमच्या नागपूरजवळच्या धापेवाड्याला येतो, ही इकडची श्रद्धा. त्यामुळे आषाढात काटोल नाक्यावरून दिंड्या निघतात. आमच्या दिंडीत दरवर्षी दोघं-तिघं मौन धरतात. त्यासाठी लाल फडक्यात बांधलेली, हातानं लिहिलेली एक वही आहे. सगळे तिला मौनपोथी म्हणतात. २१ ओव्या आणि मागं चार पानं नियम. लिहिणाऱ्याचं नाव कुठंच नाही, ते शोभूनही दिसतं.

नियम सोपे वाटतात. उजाडायच्या आधी तुळशीला पाणी, तीनदा नाम, मग ओठ बंद. अभंग म्हणायचे, गजर करायचा, कारण ते शब्द आपले नव्हेत. आपलं एकही वाक्य नाही. लिहून दाखवायचं नाही, खाणाखुणा नाहीत, फोन सामानाच्या गाडीत. नमस्कार तेवढा चालतो. पहिल्यांदा मोडतो तो हुंकार. शेजारची बाई काही सांगते, आपण ‘हं’ म्हणून बसतो आणि पन्नास पावलं गेल्यावर लक्षात येतं. मोडलं तर प्रायश्चित्त नाही. घोटभर पाणी, पुन्हा तीनदा नाम.

खरी अडचण दुसऱ्याच पानावर. गीतेच्या सतराव्या अध्यायात तपाचे तीन प्रकार आहेत, शरीराचं, वाणीचं, मनाचं. मौन वाणीत असेल असं वाटतं, पण ते मनाच्या तपात घातलंय. वाणीच्या तपात आहे ते कुणाला न दुखावता खरं बोलणं. पोथी तिथूनच पकडते:

ओठ जोडिले बाहेरी । आंत बाजार दुहेरी ।
तया मौनाची शिदोरी । फुकाची गा ॥

गोरेवाड्यापर्यंत माझा बाजार जोरात होता. पुढचा टाळकरी ठेका सोडत होता, आणि मागं एकजण घराच्या हप्त्याचा हिशोब मोठ्यानं सांगत होता. त्याला काय काय सुनावलं असतं याची यादीच मनात तयार झाली. पवनारला विनोबांनी २५ डिसेंबर १९७४ पासून वर्षभर मौन पाळलं, आणि इथं आपल्याला फेटरी गाठेना!

फेटरीच्या पुढं पाऊस आला. पंधरा मिनिटं पडला, थांबला आणि वाफ सोडून गेला. सुती मोजे भिजले की पाणी धरून ठेवतात, कातडी मऊ होते आणि टाचेवर घासत राहते. फोड नुसत्या घासण्यानं येत नाही इतका ओलाव्यानं येतो. म्हणून कोरड्या मोज्यांचा जोड हाताशी लागतो, सामानाच्या गाडीत नव्हे. माझा गाडीत होता. मागायचा कसा? तोंड बंद, खूण बंद. दोन किलोमीटर मी तशीच चालले आणि टाचेवर रुपयाएवढा फोड टरटरला.

ब्राह्मणीच्या अलीकडे पंक्चरचं दुकान होतं. दुकान म्हणजे ताडपत्री, पाण्याचं घमेलं, हवेचा पंप. तिथल्या काकांनी माझं लंगडणं लांबूनच पाहिलं असावं.

“बसा न जी. पाय दाखवा.”

मी बसले. त्यांनी गळ्यातली पाटी जुळवून वाचली, “मौ... न. बरं, मग मीच बोलतो.” आणि सुरू झाले. मुलगी, जावई, संत्र्याचा बार, यंदाचा पाऊस, सगळं. बोलता बोलता हात मात्र दुसरंच काम करत होते. आधी साबणानं हात धुतले, मग माझी टाच. सुई काडीवर लाल होईस्तोवर धरली, थंड होऊ दिली. फोडाच्या मधे नाही, खालच्या कडेला दोन ठिकाणी टोचलं आणि स्वच्छ फडक्यानं हळूहळू दाबून पाणी काढलं. दिंडीत कितीतरी जण फोडातून दोरा ओवून तसाच ठेवतात, म्हणजे पाणी झिरपत राहतं म्हणे. त्याच दोऱ्यावरून घाण आत जाते आणि दुसऱ्या दिवशी पाय सुजतो. काकांनी दोरा घेतला नाही. वरची कातडीही ओढली नाही. तीच आतल्या कोवळ्या जागेचं झाकण असते. त्यावर घडी केलेलं कापड, कापडावर चिकटपट्टी. स्वतःच्या टपरीतले कोरडे मोजे दिले, एक निळा, एक करडा.

“पैसे नका काढू. आन् बोलूबी नका, पाप लागन तुमाले.”

हात जोडले. त्याहून जास्त काही करायला पोथीत जागाच नव्हती. त्या अर्ध्या तासात बाजार कधी उठला ते कळलं नाही. काकांची बडबड कानावर पडत होती आणि आत तिला उत्तर तयार होत नव्हतं. पुढं कळमेश्वरपर्यंत टाळकऱ्याचा ठेका तसाच चुकत राहिला. चुकेना का.

कळमेश्वरचा मुक्काम: बेसन, भाकर, डास. दुसऱ्या दिवशी धापेवाडा. इथल्या नदीचं नावही चंद्रभागाच, तिला गढूळ पाणी.

मौन सोडताना पहिला शब्द नामाचा हवा, गाभाऱ्यासमोर, डोळे मिटून, एवढं पोथीत ठळक अक्षरांत आहे. रांगेत आणखी चारजण पुढं होते. मागच्या माणसानं नेमका टाचेवर पाय दिला.

“आई गं! दिसत नाही का?”

तो बिचारा ओशाळला. “माउली, माफ करा,” म्हणत वाकून माझ्या पायाला हात लावला, त्याच टाचेला. मी घोटभर पाणी प्यायले.